क्षितिजचे शेवटचे शब्द

प्रेमलाबाईंनी आयुष्यात एकच मोठं खोटं सांगितलं, आणि त्या खोट्याच्या जोरावर त्यांचा धाकटा मुलगा प्रबोध थेट सिंगापूरच्या विद्यापीठात शिकवायला लागला.

थोरला क्षितिज जयंतीची निळी कमान बांधत होता. गावातल्याच पाच-सहा जणांनी त्याची शिडी ओढली आणि सळयांनी, हॉकी स्टिकनी त्याला भर रस्त्यात ठेचून मारलं. बाई तिथेच होत्या. समोरच्या सायकलवाल्याने त्यांना आपल्या दुकानात ओढून शटर पाडलं म्हणून त्या वाचल्या. संध्याकाळी कॉलेजातला प्रबोध कोयता घेऊन घराबाहेर निघाला. आज हा एकदोघांना कापणार आणि मग स्वतः कापला जाणार, हे त्याच्या डोळ्यांतच दिसत होतं. बाई दारात आडव्या उभ्या राहिल्या. "जाताना तुझा दादा काय म्हणाला ते तरी ऐकून जा. ताठ उभा होता तो. म्हणाला, मारा, मी झुकणार नाही. माझ्या प्रबोधला तेवढं शिकवा." प्रबोधच्या हातून कोयता गळून पडला.

मग तो शिकला. आणि शिकून शिकून काय शिकला, तर गोरी माणसं कशी मरतात ते! युरोपातली नाटकं, चित्रं, थडगी. तिथल्या नाटकात म्हणे पोटात तलवार आरपार गेलेला माणूसही पानभर बोलल्याशिवाय मरत नाही. मुंडकं उडवायला नेलेला सरदार आधी भाषण करतो, मग कुऱ्हाडीखाली मान देतो. विद्वान लोक टेबलावर माणसाची कवटी ठेवून रोज तिच्याकडे बघत बसतात. प्रबोध वर्गात सांगायचा, की आपल्या बुद्धांनी टिकाऊ असा 'मी' नसतोच म्हणून मोकळं केलं. पश्चिमेला मात्र तो 'मी' सोडवेना. माणूस खरा कोण होता ते मरताना कळतं, असं त्यांनी धरलं. बाईंना हे काही पटायचं नाही. माणूस काय फक्त मरण्यापुरता जगतो? पण पोरगं या मढ्यांवर पोट भरतंय तर भरू दे, म्हणून त्या गप्प बसायच्या.

यंदा क्षितिजच्या स्मृतिदिनाला त्या सिंगापुरात, क्लेमेंटीला मुलाकडे होत्या. रविवार असूनही सून ऋचा चांगी बिझनेस पार्कात, बँकेच्या कामावर गेलेली. यिशुनहून ओळखीतले विश्वासकाका आले होते, आपली आणखी पाचसहा कुटुंबं होती. त्रिशरण, पंचशील झालं. खीर तयार होती. पण आपल्याकडे 'दोन शब्द' झाल्याशिवाय खिरीला कुणी हात लावतं का? प्रबोध उठला आणि रंगात आला. तलवारी झाल्या, कुऱ्हाडी झाल्या, विषाचे पेले झाले. शेवटी गाडी दादावर आली. "या सगळ्यांच्या तोडीचं मरण माझ्या दादाला आलं. तो म्हणाला, मारा, मी..."

तेवढ्यात दार उघडून इशिता आत आली. बारा वर्षांची प्रबोधची मुलगी. ओठ फाटलेला, गुडघे सोललेले, टी-शर्टवर रक्त.

"काय झालं?" प्रबोधने विचारलं.

"खाली व्हॉइड डेकला, त्या खांबांमधल्या मोकळ्या जागेत, मोठ्या मुली होत्या. मारत होत्या. म्हणाल्या, नील डाऊन, से सॉरी." तिने खांदे उडवले. "म्हटलं मी सॉरी. मग सोडलं. सिंपल, लाह," ती तिथल्या पोरांच्या ढंगात म्हणाली.

प्रबोधने तिच्या थोबाडीत मारली. इतकी जोरात, की ती टेबलावर आदळली आणि क्षितिजचा फोटो पेटत्या मेणबत्त्यांसकट खाली आला. काच फुटली. विश्वासकाका मध्ये पडले, तर त्यांनाही त्याने ढकलून सोफ्यावर पाडलं.

"तुझा काका मरताना झुकला नाही! आणि तू गुडघे टेकलेस? माझ्या घरात?" दुसरी बसली. इशिताच्या नाकातून रक्त आलं. ती भिंतीला चिकटली.

बाईंनी नातीकडे पाहिलं. ही पोर शिकत होती. पुढच्या वेळी ही सॉरी म्हणणार नाही, आणि मग घरीही येणार नाही. खरं सांगावं तर भरल्या घरात क्षितिज पुन्हा मरणार आणि प्रबोधचं आयुष्य ज्यावर उभं आहे तेच जाणार. प्रबोधचा हात तिसऱ्यांदा वर गेला.

"प्रबोध, मी खोटं बोलले."

"आई, तू मध्ये पडू नकोस."

"दादा काही ताठबीठ नव्हता रे. शटरच्या फटीतून मला नुसते पाय दिसत होते. त्यांचे पाय. आणि ते धरलेले त्याचे हात."

"गप्प बस!" प्रबोध असा ओरडला, की मागच्या बाया उठून उभ्या राहिल्या.

बाई गप्प बसल्या नाहीत. त्या काचांमध्ये गुडघ्यांवर बसल्या आणि त्यांनी मुलाचे दोन्ही पाय घट्ट धरले. "असे धरले होते. 'पाया पडतो, भाऊ, सोडा. पुन्हा नाही लावणार कमान. माझी आई आहे हो घरी.' हे म्हणाला माझा क्षितिज. तरी मानेवर सळई घातली त्यांनी. तरी हात सुटले नाहीत, मग बोटं ठेचली." त्यांचा आवाज फाटला. "भित्रा नव्हता तो. त्याला जगायचं होतं! तू कोयता टाकावास म्हणून मी त्याला ताठ उभा केला."

प्रबोधने खाली पाहिलं. इतकी वर्षं त्याने दादाचं मरण हजारदा डोळ्यांसमोर आणलं होतं, पण मारणाऱ्यांकडे कधी नीट पाहिलंच नव्हतं. आज त्यांच्या जागेवर तो स्वतः उभा होता.

इशिता भिंतीपासून सरकत आली आणि आजीशेजारी गुडघे टेकून बसली. "सॉरी, पप्पा," ती म्हणाली. "आजीला नको ना मारूस."

प्रबोधचा हात अजून वरच होता. तो खाली कसा आणायचा, तेच त्याला कळेना.