टोपीवरचं कुंकू

माझा राग नाकावर असतो, हे अख्ख्या आळीला माहीत आहे. पण त्या रागापायी मी एकदा माझ्या आईचा हात आखडायला लावला, हे फक्त आम्हा दोघींना माहीत आहे. म्हणून सांगते.

न्हावा शेवा बंदराच्या मागच्या अंगाला आमचं गाव. बाबा मिठागरात होते. पुढे मिठागर बुजवलं, त्यावर कंटेनरचं यार्ड झालं, तसे बाबा त्याच जागेवर वॉचमन म्हणून उभे राहिले. मी आसपासच्या यार्डांमध्ये फायबरचं काम करते. केसाएवढी काचेची तार, तिच्यातून उजेड पळतो आणि त्या उजेडावर गेटपासून ऑफिसपर्यंत सगळे कॉम्प्युटर चालतात. तारेच्या टोकाला कनेक्टर असतो आणि माझा निम्मा जन्म त्याचं तोंड पुसण्यात चाललाय. बोट लागलं की बोटाचं तेल बसतं, फुंकर मारली की थुंकी बसते. छोट्या मायक्रोस्कोपमध्ये आधी बघायचं, मग पुसायचं, परत बघायचं, मगच जोडायचं. काम नसलं की त्या तोंडावर प्लास्टिकची टोपी.

दर खंडेनवमीला बाबा देवापुढे फावडं आणि कोयता मांडून पूजा करायचे. मी कामाला लागल्यावर त्या रांगेत माझी बॅगही आली. हळदीकुंकू, अक्षता, झेंडूचं फूल. "तुझं फावडं हाय हे," म्हणायचे. आई मागे उभी राहून नुसती बघायची.

बाबा गेले त्या वर्षी घरात सण नव्हता. दुसऱ्या वर्षी खंडेनवमी आली, तेव्हा पूजा कोण करणार, हा विषय आम्ही दोघींनीही काढला नाही. विधवा बाईने हळदीकुंकवाला हात लावावा की नाही, यावर आमच्याकडे कुणी भांडत नाही. बाया फक्त ताट हळूच पलीकडे सरकवतात. दीड वर्ष आईसमोरून ती ताटं अशीच सरकत होती आणि ती "असूंदे" म्हणून हसत होती.

त्या सकाळी मी आंघोळीला गेले आणि तेवढ्यात तिने माझ्या बॅगेची पूजा केली. एकटीने, गुपचूप. मला पत्ताच नाही. बाहेर आले तर फोन वाजत होता: यार्डाच्या गेटवरचा कॉम्प्युटर बंद, ट्रेलरची रांग लागलीय, ताबडतोब या. बॅग उचलली आणि स्कूटरला किक मारली. आई दारात काहीतरी सांगायला उभी होती, पण थांबतंय कोण!

गेटच्या केबिनमध्ये बॅग उघडली आणि माझं डोकंच सटकलं. आत हळद, कुंकू, अक्षता. मायक्रोस्कोपवर बोट, तारेचं तोंड पुसायच्या क्लिनर पेनवर बोट, प्रत्येक तारेच्या टोपीवर हळदीकुंकवाचं एकेक बोट. बाहेर हॉर्न बोंबलतायत. जुनी जोडणी मेलेली, म्हणून नवी तार काढली, पुसली, भिंतीवरच्या पॅनलच्या राखीव भोकात लावली. लाइट हिरवा होईना. काढून मायक्रोस्कोपमध्ये बघितलं तर तोंडावर ठिपकेच ठिपके. कुंकूच, दुसरं काय! पुसलं, लावलं, परत काढलं, परत ठिपके. तीनदा.

तिथेच सगळ्या ड्रायव्हरांच्या देखत मी घरी फोन लावला.

"तू माझ्या बॅगेला हात लावलास?"

"व्हय. आज खंडेनवमी ना. तुझे बाबा..."

"तुझा हात लागला आणि सगळं नासलं! परत माझ्या सामानाला हात लावायचा नाही. कळलं?"

मग ती म्हणाली, "बरं."

उचलली जीभ लावली टाळ्याला. विधवा बाईला मी काय बोलले, ते फोन खिशात टाकेपर्यंत माझ्या ध्यानातही आलं नाही.

एक सांगायचं राहिलं. त्या मायक्रोस्कोपच्या स्क्रीनवर रंग दिसत नाहीत. धूळ असो, तेल असो, कुंकू असो, सगळं करडं. मी त्याला कुंकू म्हटलं, कारण मला ते कुंकूच हवं होतं. चौथ्यांदा पुसताना बॅगेतल्या तारांच्या टोप्यांकडे नीट बघितलं. सगळ्या घट्ट बसलेल्या. कुंकू बाहेरून, आत कणभरही नाही. आईने एकही टोपी काढली नव्हती. मग घाण येतेय कुठून?

तेव्हा कुठे मायक्रोस्कोपचं टोक पॅनलच्या भोकात घातलं. तार जिथे जाऊन टेकते ती पलीकडची बाजू मी बघितलीच नव्हती. नियम दोन्ही बाजू बघायचा, नवशिक्या पोरींना मीच तो घसा फोडून शिकवते. आत पापडी धरलेली, पुसायची काडी फिरवली तर तिला पांढुरकी भुकटी. मीठ. खाडीवरच्या दमट वाऱ्याने आणलेलं, बाबा मिठागरात पिकवायचे तेच मीठ. प्रत्येक वेळी माझी पुसलेली तार त्याच घाणीला जाऊन टेकत होती आणि मळून परत येत होती. त्या भोकाला टोपी नव्हती. महिन्यापूर्वी या पॅनलवर कोण काम करून गेलं होतं? मीच. टोपी कुठेतरी पडली, म्हटलं राहू दे. चोराच्या उलट्या बोंबा, दुसरं काय!

स्पिरिट लावून पुसलं, कोरडं केलं, जोडलं. लाइट हिरवा झाला, ट्रेलर हलले. मी मात्र स्कूटरवर बसून रडले. लाज वाटली मला माझी.

घरी येऊन पायच धरले तिचे. "आई, चूक माझी होती गं. तुझ्या हाताने काही झालं नव्हतं."

"जाऊंदे बाय," ती म्हणाली. "तुझा काय दोस न्हाय. मानूस गेला का बाईचा हात बी बदलतो."

रागावली असती, चार शिव्या घातल्या असत्या, तर परवडलं असतं. तिने ते खरं मानलं. रोज सकाळी माझी बॅग दाराजवळच्या खुर्चीवर तीच आणून ठेवायची, ते थांबलं. केर काढताना बॅगेला वळसा घालून झाडू मारायची. मी नवा मोबाइल आणला, तर तिने तो टॉवेलमध्ये धरून कपाटात ठेवला. माफी मी पाच-सहा वेळा मागितली. दरवेळी ती "असूंदे" म्हणायची आणि दरवेळी तेच हसू.

पावसाळ्यात एका रविवारी मी तारांची मोठी पिशवी घरी आणली. दुसऱ्या दिवशीच्या कामाच्या, सगळ्या तपासून पुसायच्या. आई शेजारी जवळा निवडत बसली होती. सुकी बारीक कोळंबी ती, तिच्यातला खडा, शिंपल्याचा तुकडा आई न बघता वेचते. चाळीस वर्षांचा सराव आहे.

"आई, इकडे बघ. हे साफ आहे का सांग. माझे डोळे दुखतायत." खोटंच बोलले.

तिने हात पदरात गुंडाळले आणि लांबूनच स्क्रीनकडे बघितलं. "ही वाटोली चकती काय हाय?"

"हे तारेचं तोंड. मधला ठिपका दिसतो ना, तिथून उजेड जातो."

"टिकलीवानी." ती जराशी पुढे वाकली. "तिच्या बाजूला कचरा हाय. खाली, डावीकडं."

मला दिसला नव्हता. देवाशपथ! मग पुढची, त्याच्या पुढची. तिने सहा तारांतून दोन नापास केल्या आणि दोन्ही वेळा तिचंच बरोबर. मी क्लिनर पेन तिच्यापुढे धरला. "आता तूच पूस."

"नको गं. नासंल."

"नासू दे. माझी तार आहे, माझी मर्जी."

पदरातून हात बाहेर यायला किती वेळ लागला, काय सांगू! जवळ्याचा वास होता म्हणून ती आधी उठून साबणाने हात धुऊन आली, पार कोपरापर्यंत. तार मी धरली, पेन तिने दाबला. टिक. स्क्रीनवर चकती स्वच्छ झाली. आई कितीतरी वेळ तिच्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "दुसरी दे."

चाळीस तारा पुसल्या तिने. त्या सोमवारी लागल्या, अजून चालतायत. हे मी तिला दर आठवड्याला सांगायचे आणि ती "चल, कायतरीच" म्हणायची. बॅग मात्र खुर्चीवर यायला लागली.

या वर्षीच्या खंडेनवमीला मी बाबांचं फावडं, कोयता आणि माझी बॅग देवापुढे मांडली. ताट आईसमोर ठेवलं आणि सरकू नये म्हणून त्याची कड धरून बसले. आई आली, पाटावर बसली. आधी तिने बॅगेतली एकेक टोपी अंगठ्याने दाबून बघितली. एक सैल होती, ती घट्ट केली. मग कुंकवात बोट बुडवलं आणि ते हवेतच थांबलं.

"हात लावू ना?" तिने विचारलं.

मी तिचा हात माझ्या दोन्ही हातांत धरला आणि बॅगेवर टेकवला, आणि सोडायचं मला सुचेना.

"सोड बाय," आई म्हणाली. "कुंकू सांडंल."