पांढऱ्या रेघेचा दगड

अमडापूरजवळचं आमचं वावर, जमीन कसली, नुसता मुरूम. नांगरलं की दरसाल दगड वर येतात. पेरणीआधी ते वेचून धुऱ्यावर रचायची रीत आहे. माझा बाप मात्र ते धुऱ्यापलीकडे, सख्ख्या भावाच्या वावरात भिरकावायचा. काकाही तेच करायचा. पांढऱ्या रेघेचा एक काळा दगड मी लहानपणापासून ओळखतो. आमच्या दोन घरांत येणं-जाणं फक्त त्याचंच होतं.

गेल्या साली काका वारला. बाप मयतीलाही गेला नाही.

यंदा मी तो दगड उचलून गुमान धुऱ्यावर ठेवला, तर बाप खेकसला, "तिथं काऊन ठेवून राह्यला बे? फेक तिकडे! त्याचं पोरगं हाये ना अजून."

मी फेकला. सकाळी तो परत आमच्याच वावरात पडलेला होता.