चांदपाशाने बंद केलेला माईक

"अण्णा बोलायला उभे राहिले की माईक गेला पाहिजे," पक्षाचा शहराध्यक्ष रामकिसन धोत्रे विंगेत येऊन म्हणाला. "दोन मिनिटं बोलू द्या, नमस्कार-चमत्कार होऊ द्या. मग गेला. बिघाड झाला. समजलं ना, चाचा?"

चांदपाशा आवाजाच्या मिक्सरसमोर खुर्ची ओढून बसला होता. हेडफोन गळ्यात होता. त्याने मान वर न करता विचारलं, "माझ्या मशीनीत कुटं बिघाड होतो?"

"आज व्हईल. मी समोरच्या विंगेत उभा ऱ्हातो. खिशातून रुमाल काढला की समजायचं."

"आन नाय गेला तर?"

रामकिसन हसला. त्याने चांदपाशाच्या खांद्यावर हात ठेवला. "चाचा, शहरात नवी पोरं लई आलीत. त्यांचे स्पीकरचे डबे तुमच्यापेक्षा मोठे, आन कुणाचं ऐकायचं ते त्यांना सांगावं लागत नाय."

तो गेला. पडद्यापलीकडे खुर्च्या भरत होत्या. या नाट्यगृहात चांदपाशाने आयुष्यात हजार संध्याकाळी काढल्या असतील, पण पडदा उघडण्याआधी त्याच्या तळहाताला घाम कधी आला नव्हता. आज आला.

चेलीपुऱ्यातला हा पोरगा मिसरूड फुटायच्या आत औरंगपुऱ्यातल्या एका उस्तादाच्या लाउडस्पीकरच्या दुकानात कामाला लागला. तेव्हा शहरात नाटक कंपन्या यायच्या. काय दिवस होते ते! पत्रा हलवून चांदपाशा वीज पाडायचा, करवंट्या आपटून घोडदौड आणायचा. प्रेक्षागृहात बसलेली बाई दचकून नवऱ्याचा हात धरायची आणि विंगेत हा पोरगा गालातल्या गालात हसायचा. नायिकेचा हुंदका शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचा कसा, हे त्याला कुणी शिकवलं नाही. त्याचा कान जन्मताच उघडा होता. अशी माणसं टाळ्या घ्यायला पडद्यापुढे येत नाहीत, आणि त्यांच्यावाचून पुढे आलेल्याला टाळ्या मिळत नाहीत.

उस्तादाने त्याला दोनच गोष्टी बजावल्या होत्या. बोलणाऱ्याचा आवाज आपण मधेच तोडायचा नाही. लोकांना आवडलं नाही तर लोक उठून जातील. आणि यंत्रावर बसल्यावर जे फक्त आपल्या कानात आलं, ती अमानत. ती बाहेर काढायची नाही.

हे दोन्ही नियम त्याने पाळले. म्हणूनच कुठल्याही पक्षाची, कुठल्याही जातीची सभा असो, "चांदपाशाला बोलवा" असं लोक म्हणत. पण त्याची खरी जोडी जमली ती सांडूअण्णा फरकाडेंशी.

सांडूअण्णा अजिंठ्याकडचे. जिल्हा परिषदेच्या पहिल्या निवडणुकीला उभे राहिले तेव्हा त्यांच्या पक्षाला गावात खुर्ची मिळत नसे. धर्माचं, परंपरेचं, देशाचं बोलणारा पक्ष. लोक ऐकून घेत आणि मत दुसऱ्याला देत. अण्णा बाजेवर उभे राहून बोलायचे आणि चांदपाशा सायकलरिक्षावर भोंगा बांधून मागे बसायचा. पुढे अण्णा आमदार झाले, मग खासदार, मग दिल्लीत राज्यमंत्री. एकदा नाही, लागोपाठ दोनदा. अण्णांची खुर्ची वाढली तसे चांदपाशाचे डबेही वाढले.

मधल्या काळात एकदा शहराची हवा बिघडली. पक्षातली तरणी पोरं तावातावाने अण्णांकडे आली. म्हणाली, आपल्या सभेला त्यांचा माईक कशाला? अण्णा जेवत होते. हातातला घास खाली ठेवून म्हणाले, "चांदचा माईक नसंल तर माझं भाषण नाय. तुमीच बोला मग, बिनमाईकचं." पोरं निघून गेली. हे चांदपाशाला कुणा तिसऱ्याने सांगितलं. अण्णांनी त्याचा कधी उच्चार केला नाही. त्या दिवसापासून चांदपाशा या माणसासाठी काहीही करायला तयार होता.

यंदा दिल्लीत पक्षाचा अध्यक्ष बदलला. नव्या अध्यक्षाबरोबर नवी माणसं पुढे आली आणि मंत्रिमंडळ नव्याने बांधलं गेलं. शपथविधीच्या सकाळी अण्णा कोट घालून फोनपाशी बसले होते. फोन आला नाही. समोरच्या टीव्हीवर गोकुळ जिवरग गाडीत चढताना दिसला. हा गोकुळ वीस वर्षं अण्णांची बॅग धरून मागे चालला होता. त्याला तिकीट अण्णांनी दिलं, भाषण करायला अण्णांनी शिकवलं, आणि आज अण्णांचंच खातं त्याच्याकडे गेलं.

आज त्याच गोकुळचा सत्कार होता. दिल्लीचे दोन पाहुणे आले होते. अण्णांना बोलावणं नव्हतं, पण ते येणार हे सगळ्या शहराला ठाऊक होतं, आणि आल्यावर त्यांना बोलू नका म्हणायची कुणाची छाती नव्हती. म्हणून हा रुमाल.

अण्णा मागच्या दाराने आले आणि थेट रंगपटात गेले. चांदपाशाला आत बोलावलं. आरशासमोर बसलेले अण्णा, कडक इस्त्रीचं धोतर, कपाळावर गंध. जणू नट मेकअप करून घंटेची वाट बघतोय.

"ये, चांद. अब्बा कसे हायेत तुझे?"

चांदपाशा थबकला. अब्बांना जाऊन पंधरा वर्षं झाली होती. मातीला अण्णा स्वतः आले होते. माणूस पेटलेला आहे, डोक्यात भाषण आहे, असं मनाशी म्हणून तो उत्तरला, "ठीक हायेत, अण्णा."

"दार लाव." अण्णांनी आवाज खाली आणला. "हे लोक माझा माईक बंद करायला सांगतील. सांगितलं असंल बी. पण मशीनीवर तू हायेस, म्हणून मला घोर नाय. दुसरं काम हाय. गोकुळच्या पुढं टेबलावर माईक ठेवलाय नं?"

"व्हय. नंतर कार्यकर्त्यांचे सवाल-जवाब हायेत, त्याच्यासाठी."

"तो उघडा ठेव. त्याची खोड मला ठावं हाय. दुसरा बोलत असला की शेजारच्याच्या कानात त्याची टिंगल करतो. वीस वर्षं शेजारी मीच होतो की!" अण्णा खुदकन हसले, मग चेहरा कठीण झाला. "आज माझी करंल. ती लोकांना ऐकू दे. कुणाला मंत्री केलंय ते त्या दिल्लीवाल्यांना बी कळू दे. मी चष्मा काढला की सोड."

"अण्णा, कानात आलेलं मी कधी..."

"चांद." अण्णांनी त्याचा हात धरला. हात थंडगार होता. "मी तुझ्यापाशी कधी काय मागितलंय?"

काहीच नाही. तो म्हणाला, "बघतो, अण्णा."

घंटा झाली. पडदा वर गेला. हारतुरे झाले, शाली झाल्या, दिल्लीच्या पाहुण्यांनी नव्या नेतृत्वाची थोरवी गायली. गोकुळराव मधल्या खुर्चीवर ताठ बसले होते, सफेद जाकीट, चेहऱ्यावर नवं गांभीर्य. निवेदकाने घुटमळत अण्णांचं नाव घेतलं. अण्णा उठले. टाळ्या पडल्या, आधी चार, मग चाळीस, मग मागच्या रांगांतली जुनी माणसं उभीच राहिली. समोरच्या विंगेत रामकिसनचा हात खिशात गेला.

अण्णांनी सुरुवात केली आणि चांदपाशाच्या अंगावर काटा आला. तोच आवाज! "माझ्या भावांनो, मी बाजेवर उभा राहून बोललोय. मला खुर्ची गेल्याचं दुःख नाय. पण माणसाला काढताना एक फोन करायची रीत असती का नसती?" सभागृह चिडीचूप झालं. दिल्लीचे पाहुणे एकमेकांकडे बघू लागले.

रुमाल बाहेर आला.

चांदपाशाने तो पाहिला आणि नजर फिरवली. माईक चालू राहिला. रामकिसनने रुमाल झटकला, कपाळ पुसलं, पुन्हा झटकला. चांदपाशा मिक्सरच्या दिव्यांकडे बघत राहिला.

मग अण्णांनी चष्मा काढला.

त्या यंत्रात एक सोय असते. कुठल्याही माईकचं बोलणं सभागृहात न सोडता फक्त आपल्या कानात ऐकता येतं. चांदपाशाचं एक बोट गोकुळच्या माईकच्या पट्टीवर गेलं. ती वर सरकवली की सारं सभागृह ऐकणार. उस्तादाचा शब्द एकीकडे, तो खाली ठेवलेला घास दुसरीकडे. सोडण्याआधी एकदा स्वतः ऐकावं म्हणून त्याने हेडफोन कानाला लावला आणि बटण दाबलं.

गोकुळ शेजारच्या पाहुण्याला सांगत होता. आवाज टिंगलीचा नव्हता.

"...नका अडवू, साहेब. बोलू द्या त्यांना. डोक्यावर परिणाम झालाय अण्णांच्या. डॉक्टर म्हणतात हळूहळू सगळं विसरतील. परवा घराचा रस्ता चुकले. काकूंनी मला फोन केला, रडत होत्या. घरात फक्त त्यांना माहीत आहे. बाहेर कळलं तर अण्णा जगायचे नाहीत."

चांदपाशाने पट्टीवरून बोट असं उचललं, जणू ती तापलेली होती. आणखी एक क्षण आणि साऱ्या शहराने हे ऐकलं असतं, अण्णांच्याच सांगण्यावरून.

त्याने व्यासपीठाकडे पाहिलं. अण्णा अजून चष्मा हातात घेऊन उभे होते. वाट बघत होते. ते त्याच्याकडे बघत होते की कुठे हरवले होते, कळेना. मग त्यांनी पुन्हा बोलायला सुरुवात केली.

"माझ्या भावांनो, मी बाजेवर उभा राहून बोललोय. मला खुर्ची गेल्याचं दुःख नाय..."

तेच. तोच हात तसाच वर. लोकांना आधी वाटलं, जोर देण्यासाठी म्हणतायत. दोघांनी टाळ्याही वाजवल्या. "पण माणसाला काढताना एक फोन करायची रीत असती का नसती?" तिथे येऊन अण्णा थांबले. ओठ हलले. कागद त्यांनी जन्मात हातात धरला नव्हता. नाटकात नट वाक्य विसरला की विंगेतून कुणी पुरवतो. या माणसाला पुरवायला कुणी नव्हतं.

"माझ्या भावांनो," अण्णा म्हणाले, "मी बाजेवर उभा राहून..."

तिसऱ्या रांगेत एक पोरगं हसलं. शेजारच्याने त्याला कोपर मारलं आणि मग तोही हसू दाबू लागला. मागून कुजबूज उठली. पत्रकारांच्या रांगेत एकाने मोबाईल वर धरला.

चांदपाशाने हेडफोन गळ्यात ओढला. अर्धं मिनिट आणखी गेलं तर हा आवाज, ज्याने साऱ्या जिल्ह्याला खिळवून ठेवलं होतं, उद्या मोबाईलवर फिरणार. पोरं त्यावर हसणार. आणि तोडला तर? मशीनीवर तू हायेस म्हणून मला घोर नाय, असं हा माणूस म्हणाला होता.

नुसता अण्णांचा माईक बंद केला तर दगा उघड दिसेल. त्याने टेबलाखाली हात घातला आणि मुख्य वायरच उपटली.

खर्रकन आवाज झाला आणि सगळं मेलं. अण्णांचा माईक, मंत्र्यांचा माईक, निवेदकाचा माईक, सगळं. चांदपाशाने उभं राहून ओरडून सांगितलं, "लाईन गेली! माझ्या मशीनीची लाईन गेली! माफ करा, साहेब!" त्याच्या आयुष्यातलं विंगेबाहेर ऐकू गेलेलं ते पहिलं वाक्य.

गोंधळ उडाला. मोबाईल अण्णांवरून वळून विंगेकडे आला. "जुनी भंगार मशीन!" कुणीतरी ओरडलं, आणि हशा झाला तो त्याच्या नावाने झाला. या गडबडीत गोकुळराव उठले, अण्णांच्या पाठीवर हात ठेवून त्यांना हळूच खुर्चीकडे नेलं, पाणी दिलं. बघणाऱ्याला वाटलं, वयोवृद्ध नेत्याचा मान राखला.

कार्यक्रम उरकला. रामकिसन सगळ्यांत आधी आला. आनंदाने त्याचे डोळे चमकत होते. "वा, चाचा! एकदम सगळंच! कुणाला शंका नाय आली. पुढच्या सगळ्या सभा तुमच्याच, जावा."

चांदपाशा उपटलेली वायर गुंडाळत राहिला.

मग गोकुळराव निघाले. मिक्सरपाशी त्यांची चाल मंदावली. त्यांची नजर हेडफोनवर गेली, तिथून चांदपाशाच्या चेहऱ्यावर.

"ऐकलंत तुम्ही," ते खालच्या आवाजात म्हणाले.

"मशीनीला काय ऐकू येतं, साहेब."

मंत्र्यांनी त्याच्याकडे क्षणभर पाहिलं, हात जोडले आणि ते गेले.

अण्णा शेवटी आले. आता पूर्ण भानावर होते. डोळे पूर्वीसारखे धारदार. दुर्दैव असं, की नेमकं याच वेळी.

"लाईन गेली व्हय, चांद?"

"व्हय, अण्णा."

"भर पावसात गेली नाय. दंगलीत गेली नाय. आजच गेली?"

चांदपाशाच्या जिभेवर सगळं आलं. एका वाक्यात सुटला असता. त्याने खाली बघितलं. "जुनी झालीय मशीन."

"मशीन नाय झाली जुनी," अण्णा म्हणाले. "किती दिले रे त्यांनी?"

उत्तराची वाट न बघता ते वळले. जिन्याशी त्यांचा पाय अडखळला. चांदपाशा धावला, पण अण्णांनी त्याचा हात झिडकारला आणि कठड्याला धरून एकेक पायरी उतरून गेले.

तो घरी आला तेव्हा बातमी त्याच्या आधी पोचली होती. जैतुनबीने पाण्याचा तांब्या पुढे ठेवला आणि समोर बसली.

"गल्ली में बोल रै, तुम अण्णा का आवाज बंद करे. सच्ची क्या जी?"

"हां."

"कायकू?"

त्याने तांब्या उचलला. बाहेर कुणीतरी मुद्दाम मोठ्याने म्हणत होतं, "अहो चाचा, आमच्या बी बायकोचा माईक बंद करून द्या की!" आणि पोरं खिदळत होती.

"लाईन गई थी," चांदपाशा म्हणाला आणि पाणी प्यायला.

पुढच्या महिन्यात रामकिसनचं बोलावणं आलं. मंत्र्यांची मोठी सभा होती. चांदपाशाने निरोप पाठवला की मशीन नादुरुस्त आहे. त्यानंतरही दोनदा बोलावणं आलं, दोनदा तोच निरोप गेला. मग ते काम नव्या पोरांकडे गेलं. लग्नं, बारशी, शाळेची संमेलनं यांवर त्याचं भागतं. अण्णा आता घराबाहेर पडत नाहीत. लोक म्हणतात, पक्षाने काढलं ते मनाला लावून घेतलं, राग धरून बसलेत, कुणाला भेटत नाहीत. औरंगपुऱ्यात चहाच्या टपरीवर हा विषय निघतो तेव्हा कुणीतरी चांदपाशाकडे बोट दाखवून म्हणतो, "राग धरणार नाय तर काय? घरच्याच माणसानं तोंड दाबलं."

चांदपाशा बशीतला चहा फुंकतो आणि मान डोलावतो. "व्हय," म्हणतो, "लई स्वाभिमानी माणूस."