चमच्याची मूठ

बायकोच्या चमच्याला जाड मूठ बसवायची होती आणि मी माप माझ्या हाताचं घेतलं.

अर्धांगवायूनंतर सुमनच्या उजव्या हाताची बोटं नीट मिटत नाहीत, आणि भरवून घेणं तिला आवडत नाही. म्हणून कॉम्प्युटरवर मूठ डिझाइन करून थ्रीडी प्रिंटरवर छापून आणायचं मी ठरवलं. कोणतं सॉफ्टवेअर चांगलं, या विचारात पावसाळा गेला. ते शिकण्यात दिवाळी. पडद्यावर ती मूठ चहूबाजूंनी फिरवताना मी असा रमायचो, की शेजारी तिचा वरणभात निवून जायचा.

आज छापलेली मूठ आली. तिच्या बोटांत ती मावेना; चमच्यासकट ताटात पडली. हात तसाच अर्धवट उघडा राहिला. पडद्यावर चुकलं की एक बटण दाबून मागे जाता येतं. या हाताला मागे नेणारं बटण मी इतके महिने कुठल्या सॉफ्टवेअरमध्ये शोधत होतो, कोण जाणे.

"पुन्हा माप घेतो," मी म्हटलं.

"घ्या," सुमन म्हणाली. "एवढे दिवस तो माऊस धरून बसलात. त्याऐवजी माझा हात धरला असतात, तर माप आपोआप कळलं असतं."