डिझेलचा कॅन

आगबोटीवरच्या स्वयंपाक्याला सगळे कुलूपकाका म्हणत. साखर तो धुण्याच्या सोड्याच्या डब्यात ठेवी आणि तूप ग्रीसच्या. घरी बायकोने चहा पुढे केला, तरी आधी तिला घोटभर प्यायला लावी! प्यायच्या पाण्याच्या एका कॅनवर त्याने ठळक अक्षरांत ‘डिझेल’ लिहिलं होतं, आणि वास यावा म्हणून वरून डिझेलचा बोळाही फिरवला होता.

बोट बुडाली तेव्हा काकाने हा कॅन आणि साध्या पाण्याचा एक कॅन बचावहोडीत टाकला. होडीत आणखी दोघंच होती: एक सलूनवाला आणि एक शिवणकाम करणारी बाई. दोघंही अनोळखी उतारू. साधा कॅन तिघांनी वाटून संपवला. दुसऱ्याबद्दल काकाने चकार शब्द काढला नाही. ती दोघं ताडपत्रीखाली डुलकी घेऊ लागली की तो हळूच एक घोट घेई. ओळख ना पाळख, यांच्यासाठी मी का मरू?

“काका, आमचे ओठ फाटले. तुमचे बरे ओले?” बाईने एकदा विचारलंच.

“जीभ फिरवत असतो,” काका म्हणाला.

सलूनवाल्याने मात्र त्यानंतर काकाकडे पाठ म्हणून केली नाही.

मग लांबवर एक जहाज दिसलं. सलूनवाल्याने चिंध्यांचा ढीग केला, खिशातून लायटर काढला आणि डिझेलचा कॅन उचलला. “धूर करू! धूर दिसला तर येतील!”

काका धडपडत पुढे झाला. “अरे, ओतू नकोस! पाणी आहे त्यात!”

“इतके दिवस डिझेल, आणि आता पाणी?” सलूनवाला खवळला. “डिझेलसुद्धा दडवून ठेवायचंय तुम्हाला? ताई, धरा यांना!”

बाईने काकाचे दोन्ही हात घट्ट धरले. आयुष्यात क्वचितच तो इतकं खरं बोलला होता, आणि कॅन त्याच्या डोळ्यांदेखत चिंध्यांवर उपडा झाला. कोरड्या असत्या तर चिंध्या निदान धुमसल्या तरी असत्या. जहाज आपल्या वाटेने निघून गेलं.

कोणी शिवीसुद्धा दिली नाही. काकाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाईने एक ओली चिंधी उचलून सलूनवाल्याच्या तोंडात पिळली, आणि मग ती काकासमोर येऊन बसली.

“आ करा.”

त्याने आ केला. शरमेने त्याचे डोळे भरून आले होते, पण नजर मात्र बाईच्या मुठीवर होती. सलूनवाल्याला चार थेंब जास्त तर नाही ना दिले हिने?