आग्रा रोडवरचं ताट

ऊन, तहान आणि झोप या तिघांनाही पुरून उरलेला माणूस अख्ख्या खानदेशात एकच झाला, आणि तो नेमका आमच्या घरचा जावई निघाला! भाऊजींचं जळगावला मोटारीच्या सुट्या भागांचं दुकान. माणूस शांत, पण सत्तर साल उजाडायच्या सुमारास त्यांच्या डोक्यात मुंबई ते इंदूर मोटारशर्यतीचं भूत शिरलं. वेळेत इंदूर गाठायचं, बस्स, दुसरा ध्यास नाही. मे महिन्यात भर दुपारी हे गृहस्थ अंगणातल्या गाडीच्या काचा लावून आत बसत. गाडी जागची हलत नसे, पण हात स्टीअरिंगवर आणि नजर समोर. ओट्यावर शेंगा फोडता फोडता ताईनं मध्येच "बैलगाडी!" असं ओरडायचं, की यांनी ब्रेक दाबायचा. ताई बिचारी म्हशी, ट्रक, लग्नाची वरात, काय वाट्टेल ते आडवं घालायची. एकदा ते घामानं निथळत बाहेर आले. मी विचारलं, "भाऊजी, इंदूरच्या वाटेवर कुठवर पोचलात?" तर अगदी गंभीरपणे म्हणाले, "सेंधवा."

पहिल्या वर्षी घाट, खड्डे, उन्हाच्या झळा, सगळं मागे टाकून भाऊजी वेळेच्या आधी धुळ्यात आले. पण आमचं घर पडलं आग्रा रोडवर! आईनं दारात पाट मांडून भोवती रांगोळी काढलेली, ताटात वांग्याचं भरीत आणि कळण्याची भाकरी, आणि स्वतः भर रस्त्यात उभी. भाऊजींनी हात जोडले, घड्याळ दाखवलं. आई म्हणाली, "जवाई दारवरथून उपाशी जाई, ते लोके काय म्हनतीन?" झालं! सासूच्या आग्रहाची तालीम अंगणात कुठे केली होती? ते इंदूरला पोचले तेव्हा मांडववाले खांब उपटत होते. "भरीत झकास होतं," एवढंच बोलले. पण पुढे आठवडाभर गाडीकडे फिरकले नाहीत. ताईनं हे सांगितलं, तेव्हा आईनं पुढ्यातलं ताट बाजूला सारलं.

पुढच्या वर्षी आई रस्त्याच्या कडेला उभी राहिली, हातात फडक्यात बांधलेली भाकरी. भाऊजींनी सवयीनं वेग कमी केला. तिनं शिदोरी खिडकीतून आत सारली आणि ओरडली, "थांबू नका! जा!" गाडी गेली. धुरळ्यात डोळे पुसत आई कितीतरी वेळ उभी होती.

भाऊजी वेळेत पोचले. नंबर बिंबर काही आला नाही, पण परतताना ते सरळ आमच्या पाटावर येऊन बसले. म्हणाले, "आई, वाढा. आज घाई नाही." आई वाढतच राहिली.

आता आई नाही. भाऊजी अजूनही धुळ्यातून जाताना आमच्या दारापाशी गाडी हळू करतात. रस्ता मोकळा असतो. शेजारच्या सीटवरून मी त्यांच्याकडे पाहिलं, की समोर बघतच म्हणतात, "बैलगाडी आली."