इरल्याखाली सापडलेली मुलगी

लावणी ऐन भरात होती. कशेळ्याजवळच्या आमच्या गावात मी महिला मंडळाची बालवाडी चालवायचे. त्या दिवसांत शेतावरून जी बाई आधी परते, ती वाटेवरच्या सगळ्या घरांची पोरं घेऊन जाई. कोण कुणाला नेतंय, हे विचारायची पद्धतच नव्हती. विचारलं असतं तर रुसवेफुगवे झाले असते. त्या दुपारी तीन वर्षांची एक मुलगी अशीच कुणाबरोबर गेली असेल, असं मी धरून चालले आणि कुलूप लावलं.

ती कुणाबरोबरच गेली नव्हती, एकटीच बाहेर पडली होती. तिला शोधायला सगळं गाव ओढ्यात उतरलं. मी काठावर नुसत्या येरझाऱ्या घालत होते, पाण्याकडे बघायचा धीर होईना. दिवस कलताना ती बांधावर सापडली. पावसात पाठीवर घ्यायचं आईचं पानांचं इरलं तिथं पडलं होतं, त्याखाली गाढ झोपलेली.

मंडळाने मला लेखी ताकीद दिली. अध्यक्षीणबाई माझ्या चुलतसासूबाई. मुलीची आई तर म्हणाली, "जाऊ दे गं ताई, पोर गावली ना? तू काय परकी हायस?"

तिथंच मिटलं असतं. पण लोधिवलीच्या एका निवृत्त मास्तरांनी कर्जतच्या कोर्टात दावा लावला: शिक्षा फार हलकी, बाईला कामावरून काढा. ना नात्याचे, ना गोत्याचे. या लष्कराच्या भाकऱ्या भाजायला त्यांना सांगितलं होतं कुणी? मी संतापले, आणि घाबरलेही. बालवाडीच्या त्या एका खोलीबाहेर मला दुसरं जग नव्हतं. तारखांवर तारखा पडत गेल्या, पुढच्या वर्षीची लावणी आली. भाकरी थापताना, पाणी शेंदताना मी उत्तर घोळवत राहायचे: साहेब, त्याचं असं झालं...

शेवटी न्यायाधीशांनी मास्तरांना विचारलं, "तुमचं मूल आहे तिथं?"

"नाही."

"नातेवाइकांचं?"

"नाही."

"मग तुमचा संबंध काय?"

दावा फेटाळला. मला कुणी एक शब्दही विचारला नाही. चुलतसासूबाईंनी कोर्टाच्या पायरीवरच माझ्या हातात पेढा ठेवला. मास्तर एकटेच एसटीची वाट बघत उभे होते. मला राहवेना. मी जवळ गेले.

"मास्तर, त्या दिवशी मी पोरं मोजली नव्हती."

"हे आत का नाही सांगितलंत?"

"कुणी विचारलंच नाही."

दुसऱ्या दिवशी बालवाडी सुटताना मी दार अडवून उभी राहिले. सगळ्यांत आधी त्याच मुलीची आई आली, हाताला चिखल तसाच. मी विचारलं, "कुणाला न्यायला आलीस?"

ती हसली. मग तिचं हसू गेलं. "माज्याच पोरीला नेते, आन् मलाच इचारतेस?"

"हो गं," मी म्हटलं. "नाव सांग."